श्यामरावांनी पास न केलेले कपाट

बरखेड्याच्या कारखाना-वसाहतीतील आमच्या क्वार्टरच्या मागच्या व्हरांड्यात सकाळचे ऊन फार सावकाश येई. आधी ते जाळीच्या वरच्या कडेला थबके, मग फरशीवर लहान चौकोन मांडत पुढे सरके, सायकलच्या घंटीवर क्षणभर चमके आणि सर्वांत शेवटी माझ्या पायांशी पोहोचे. तेथून ते माझ्यातून आरपार निघून जाई, कारण त्याला अडवायला माझ्यात काहीच नव्हते. पलीकडच्या बुटक्या स्टुलावर मात्र ते निवांत बसे. मला त्या स्टुलाचा हेवा वाटे.

मित्रांनो, मी एक जुने कपाट आहे, पुस्तकांसाठी योजलेले. कारखान्यातील रिकाम्या खोक्यांच्या फळ्यांतून श्यामरावांनी मला घडवायला घेतले, तेव्हा त्यांची मधुरा अकरा वर्षांची होती. श्यामराव टर्बाइनचे सुटे भाग तपासत. केसाएवढा फरक दिसला तरी भाग परत पाठवत. माझी मापेही ते व्हर्नियर या सूक्ष्म मापकाने घेत. पावसाळ्यात फळ्या फुगत, खाचेत जात नसत. ते रंधा मारत. मे महिन्यात त्याच फळ्या आकसून खुळखुळत. ते त्या बाद करून कोपऱ्यात रचत.

"अहो, पुस्तकं काय मिनिटाला तीन हजार फेरे मारणार आहेत?" त्यांच्या पत्नी कमलिनीबाई विचारत.

"अर्धा मिलिमीटर फट आहे. अशी फळी मी पास करणार नाही."

केवढा अभिमान वाटे मला!

मग एका रविवारी मधुराने बाद फळीच्या तुकड्यांना खिळे ठोकून ते स्टूल केले. त्याचा एक पाय आखूड. "थोडं डुगडुगतंय, बाबा. पण चलता है ना!" संध्याकाळी कमलिनीबाई त्यावर बसून मटार सोलत होत्या. पुढे त्यावर चहाचे डाग पडले. माझ्या अंगावर एकही डाग नव्हता, तरी त्या डागांचा मला मत्सर वाटे. 'वाकडे कुठले,' असे मी मनाशी म्हणत राहिले.

एकोणीस वर्षे गेली. मधुराची पुस्तके ट्रंकेतच राहिली. यंदा श्यामराव निवृत्त झाले. क्वार्टर सोडण्याच्या आदल्या सकाळी मधुरा आवरायला आली.

"टेंपोत जागा थोडी आहे," कमलिनीबाई म्हणाल्या. "स्टूल येणार. या सांगाड्याचं काय ते ठरवा."

सांगाडा! श्यामराव घाईघाईने व्हर्नियर शोधू लागले. मधुराने तो पाठीमागे लपवला होता.

"बाबा, लाकूड आहे ते. फुगणार, आकसणार. राहू द्या ना फट."

श्यामराव कोपऱ्यातल्या फळ्या घेऊन आले. मग स्टूल ओढून त्यावर चढले. स्टूल डुगडुगले.

"पडाल हो!" कमलिनीबाईंनी ते दोन्ही हातांनी घट्ट धरले.

एकेक करून पाचही फळ्या खाचांत बसल्या. सर्वांत वरची दोन सूत, म्हणजे पाव इंचभर, सैल राहिली. मधुराने तिच्यावर आपला शाळेतला नकाशासंग्रह ठेवला.

"पास?"

"पास," श्यामराव पुटपुटले.

त्या सकाळी ऊन प्रथमच माझ्यावर थांबले.

मित्रांनो, तुमच्या घरात कोणी असे अर्धवट उभे असेल, तर त्याला निर्दोष करत बसू नका, पूर्ण करा. मी स्वतःला एकोणीस वर्षे कपाट म्हणवत आले. ते स्टूल पहिल्या संध्याकाळपासून स्टूल होते. मी त्या सकाळपर्यंत कपाट नव्हतेच.