अख्खा जानेवारी

"जाँव्हिए? बाळाचं नाव जाँव्हिए?" हातातली लाकडं त्यानं शेगडीपाशी आदळलीच. "ओदेत, तुला ताप-बिप चढलाय का?"

"हळू बोला. आत्ताच डोळा लागलाय त्याचा." पलंगावरून ओदेत म्हणाली. तिचा चेहरा उशीच्या अभ्र्यासारखा पांढरा पडला होता, पण आवाजात धार होती. "ताप-बिप काही नाही. आजोबांचं नाव नातवाला ठेवतेय. दुसरा कोणी असता तर खुशीत निदान एक बाटली तरी उघडली असती."

"अगं, ते नाव आहे का? महिना आहे तो! उद्या दुसरं झालं की त्याला काय, मंगळवार म्हणशील?"

"बाबा, मी ठरवलंय."

"आणि जेरारला विचारलंस का?"

जेरार म्हणजे त्याचा जावई. तो तिकडे अल्जेरियात फौजेत अडकला होता. बाप झाल्याची तार अजून त्याच्यापर्यंत पोचली होती की नाही, कोण जाणे.

"त्याला आवडेल," ओदेत म्हणाली आणि तिनं तोंड भिंतीकडे फिरवलं. या हालचालीचा अर्थ तो तिच्या लहानपणापासून ओळखून होता. यानंतर बोलण्यात राम नसे.

शेगडीजवळच्या खुर्चीत फिलोमेन बसली होती. पंच्याहत्तरी गाठलेली म्हातारी, त्याला लहानाचा मोठा करणारी. बाळाला तिनं उघडंच आपल्या छातीशी धरलं होतं आणि वरून लोकरीच्या दोन शाली घट्ट गुंडाळल्या होत्या. बाळ दिवस भरायच्या आधीच आलं होतं. शालीतून डोकं तेवढं दिसायचं, मुठीएवढं. डॉक्टर बर्फातून कसाबसा येऊन गेला होता. "ऊब द्या, थेंब थेंब दूध द्या, आणि फार आशा ठेवू नका," असं जाँव्हिएला दाराबाहेर नेऊन सांगून गेला होता.

बापलेकीचं भांडण चालू होतं आणि म्हातारी बाळाचा श्वास ऐकत होती. नुसती पुढेमागे झुलत राहिली.

जाँव्हिएनं कोट चढवला, टोपी कानांवर ओढली आणि तो बाहेर पडला.

जाँव्हिए म्हणजे जानेवारी. पन्नास वर्षं हे नाव त्यानं पायातल्या खड्यासारखं वागवलं होतं. मोर्व्हाँच्या डोंगरातल्या या गावात त्याच्यासारखी सरकारी मुलं काही कमी नव्हती. पॅरिसहून अनाथ पोरं यायची, इथल्या बाया त्यांना दूध पाजून वाढवायच्या, सरकार महिन्याला पैसे द्यायचं. पण त्या पोरांना निदान झाँ, लुई, पॉल अशी माणसांची नावं असायची. जाँव्हिए गावातच सापडला होता, फिलोमेनच्या दारात, जानेवारीतल्या एका सकाळी. शाळेत कोणीतरी त्याला सांगितलं होतं की असल्या पोरांना कचेरीतला कारकून समोरचं कॅलेंडर बघून नाव देतो. ते त्याच्या मनात घट्ट रुतून बसलं. ज्याच्यासाठी डोकं खाजवायलाही कोणाला सवड नव्हती, असा तो. सवंगडी विचारायचे, "जाँव्हिए, फेब्रुवारी कुठाय रे?" त्याला सांभाळणाऱ्या फिलोमेनच्या नवऱ्याचं नाव ऑग्युस्त, म्हणजे ऑगस्टशी नातं सांगणारं. मग काय, "त्यांच्या घरात कोटही लागतो आणि उन्हाची टोपीही" असं म्हणून लोक खिदळायचे. ऑग्युस्त स्वतःही हसायचा. जाँव्हिए मात्र हसायचा नाही.

पुढे तो गावचा रस्तेवाला झाला. उन्हाळ्यात खड्डे बुजवायचे, पावसात गटारं उपसायची, थंडीत बर्फ सारायचा. लग्न झालं, मुलगी झाली, बायको न्यूमोनियानं गेली. कोणाच्या अध्यातमध्यात नसलेला माणूस. सही करायची वेळ आली की नावाचं पहिलं अक्षर तेवढं काढायचा आणि पुढे एक वेडीवाकडी रेघ ओढायचा.

गावची कचेरी आणि शाळा एकाच इमारतीत होती आणि दोन्हींचा कारभार व्हेर्दिए मास्तर बघायचे. मास्तर तरुण होते, तीन वर्षांपूर्वी बदली होऊन आले होते. बुधवारची शाळा नुकतीच सुटली होती.

"मास्तर, एक काम होतं," टोपी हातात चुरगाळत जाँव्हिए म्हणाला. "माझी ओदेत बाळाचं नाव लिहायला सांगेल. तुम्ही नाही म्हणा."

"नाही म्हणू? का?"

"कायदा आहे ना! वाट्टेल ते नाव ठेवता येत नाही. संतांच्या यादीतलं नाहीतर इतिहासातलं पाहिजे. महिन्याचं नाव चालत नाही म्हणून सांगा. तुमचं ऐकेल ती."

मास्तरांच्या लक्षात आलं. ते हसले नाहीत, याचं जाँव्हिएला बरं वाटलं. त्यांनी भिंतीवरचं पोस्टाचं कॅलेंडर खुंटीवरून काढलं आणि पानं उलटून एका ओळीवर बोट ठेवलं. "हे बघा. एकोणीस सप्टेंबर. संत जाँव्हिए. नेपल्सकडचे बिशप होते. रोमच्या बादशहानं त्यांचा शिरच्छेद केला, सोळाशे वर्षांपूर्वी. तेव्हा नाव कायद्यात बसतं. मला नाही म्हणता यायचं नाही."

"सप्टेंबर?" जाँव्हिए त्या ओळीकडे बघतच राहिला. "माझ्या नावाचा दिवस सप्टेंबरात येतो?"

"कोणी सांगितलं नाही तुम्हाला?"

"या नावाचा संत असतो हेच कोणी सांगितलं नाही."

मास्तरांना आता उत्साह चढला. "आणि महिन्याचं नाव तरी कुठून आलं? रोमन लोकांचा एक देव होता, जानुस. दारांचा देव. त्याला दोन तोंडं, एक आतल्या बाजूला, एक बाहेरच्या. सरलेलं वर्षही बघतो आणि येणारंही. लॅटिनमध्ये दाराला जे म्हणतात तेच हे. म्हणजे बघा, तुमच्या नावाचा अर्थ झाला, दाराचा माणूस."

मास्तर कौतुकानं सांगत होते, पण जाँव्हिएचा चेहरा उतरला.

"दाराचा," तो म्हणाला. "बरोबर आहे. दारातच टाकलं होतं मला."

"माझ्या मनात तसं नव्हतं," असं काहीतरी मास्तर पुटपुटले. जाँव्हिए 'असू द्या' म्हणाला आणि निघाला. मास्तर मागून म्हणाले, "नोंद उद्यापर्यंत करायला हवी. मुदत उद्या संपते."

वाटेत फ्लोरेआल लोहाराच्या भट्टीपाशी तो थांबला. बर्फ सारायच्या फळीची कडी तुटली होती, ती दुरुस्तीला टाकलेली. फ्लोरेआलनं त्याचं सगळं ऐकून घेतलं आणि घण खाली ठेवला.

"तू माझ्यापुढे नावाचं रडगाणं गातोस? माझ्यापुढे? माझ्या बापाला क्रांतीचं वेड. राज्यक्रांतीवाल्यांनी बाराही महिने बदलले होते ना, त्यातला एक उचलला आणि मला चिकटवला. फ्लोरेआल, फुलांचा महिना! हे थोबाड बघ आणि फुलं बघ. बरं, ते कॅलेंडर बारा-तेरा वर्षांत बुडालं. तुझा महिना दरवर्षी न चुकता येतो बाबा. माझा दीडशे वर्षांत फिरकला नाही!"

जाँव्हिएला हसू आलं, पण ते ओठांपर्यंतच पोचलं.

"तुझ्या बापानं निदान विचार करून ठेवलं," तो म्हणाला.

फ्लोरेआलनं कडी पाण्यात बुडवली. चर्र आवाज झाला. "तुझ्यावेळी कोणी विचार केला नाही हे तुला कोणी सांगितलं? म्हातारीला विचारलंस कधी?"

त्यानं कधीच विचारलं नव्हतं. लहानपणी भीती वाटायची, आणि मोठेपणी काही गोष्टी विचारायचं वय उलटून जातं.

घरी आला तेव्हा ओदेत झोपली होती. फिलोमेन तशीच खुर्चीत होती. त्यानं शेगडीत लाकूड सारलं, कोबीचं सूप गरम केलं आणि वाडगा तिच्या ओठांना लावला, कारण तिचे दोन्ही हात शालीच्या आत गुंतलेले होते.

"आई," तो म्हणाला, "माझं नाव कोणी ठेवलं?"

"मी," फिलोमेन म्हणाली. सूप गरम आहे म्हणावं, तितक्या सहज.

"तू? कारकुनानं नाही?"

"त्या मेल्याला कुठली अक्कल!" म्हातारीनं ओठ पुसायला तोंड पुढे केलं. त्यानं रुमालानं पुसलं. "तुला ठाऊक नाही? मला वाटलं, ऑग्युस्तनं सांगितलं असेल."

"मला कोणी काही सांगितलं नाही."

"तू विचारलं नाहीस. तू मुळातच घुम्या." ती थोडा वेळ झुलत राहिली. बाळ आत कुईकुई करत होतं, मांजराच्या पिलासारखं. मग ती सांगू लागली.

"आमचं पहिलं पोर त्याच आठवड्यात गेलं होतं. मुलगा होता. घशाला सूज आली आणि दोन दिवसांत आटोपलं. गावातली आणखीही पोरं गेली त्या थंडीत. मी बसले होते अशीच, याच खुर्चीत. दूध काही थांबेना. कपडे भिजायचे, छाती दगडासारखी व्हायची. ऑग्युस्त माझ्याकडे बघायला भ्यायचा. त्या सकाळी तो लाकडं आणायला दार उघडतो तर तू. पोत्यात गुंडाळलेला, निळा पडलेला. ऑग्युस्तनं हाक मारली ती अशी, की मला वाटलं त्याचाच पाय मोडला."

"कोणीतरी टाकून गेलं."

"टाकून? अरे, गावात दारं काय कमी होती? चर्च होतं, पाद्र्याचं घर होतं, दिवे लागलेलं ते नोटरीचं घर होतं. माझं घर सगळ्यांत शेवटी, चढावर. गुडघाभर बर्फातून वर आली होती ती पावलं. जी कोण होती तिला ठाऊक होतं, या घरात दूध आहे आणि प्यायला कोणी नाही. तिनं दार निवडलं होतं, बाळा. हुडकत आली होती."

जाँव्हिएच्या हातातला वाडगा तसाच राहिला. सूप निवत होतं.

"मग तुला असाच छातीशी बांधला आणि कचेरीत गेले. मुदतीत लिहायला हवं ना. त्या कारकुनानं शाल उचलून बघितलं आणि म्हणाला, बाई, याच्यासाठी कशाला शाई घालवता? हा जानेवारीच्या पार जात नाही. काहीतरी लिहून टाकतो. मला असा राग आला! चार दिवसांपूर्वी याच माणसानं माझ्या पोराचा मृत्यू लिहिला होता. मी म्हटलं, पार जात नाही काय? मग जानेवारीच लिहा. दिवसा-दोन दिवसांचं नाही, अख्खा महिना लिहा याच्या नावावर. माझ्या पोराला मिळाला नाही, याला मिळू दे."

तिनं वाकून बाळाच्या टाळूला ओठ लावले.

"आणि मग महिना संपला. फेब्रुवारी उजाडला तर तू ठणठणीत, भोकाड पसरून रडतोयस. ऑग्युस्त म्हणतो कसा, अगं, याचं नाव तर संपलं, आता काय करायचं? इतका हसला तो! आमचं पोर गेल्यापासून पहिल्यांदा हसला. लोक चेष्टा करायचे तेव्हाही तो हसायचा ना, ते हेच आठवून. दर जानेवारी सरला की म्हणायचा, बघ, आणखी एक महिना गिळून बसला आपला पठ्ठ्या."

जाँव्हिए शेगडीपुढे उकिडवा बसला. विस्तव धगधगत होता आणि त्याला डोळे उघडे ठेवता येईनात. पन्नास वर्षं तो ज्या हसण्यावर चिडत आला, ते हसणं कशाचं होतं हे आज कळत होतं, आणि हसणारा ऑग्युस्त जाऊन अकरा वर्षं झाली होती. त्यानं पुढे होऊन म्हातारीच्या गुडघ्यावर डोकं टेकलं. तिचे हात गुंतलेले होते म्हणून तिनं हनुवटीनंच त्याचे केस चाचपले.

"वेडा आहेस," ती म्हणाली. "आवडत नव्हतं तर सांगायचं होतंस."

"आवडतं," तो म्हणाला.

पलंगावर ओदेत जागीच होती. तिनं डोळे पुसले आणि परत झोपेचं सोंग घेतलं.

दुसऱ्या दिवशी त्यानं दाढी केली, लग्नातला कोट घातला आणि कचेरीत गेला. मास्तरांनी दौत उघडली. "मग? काय लिहू?"

"जाँव्हिए," तो म्हणाला. "पुढे ऑग्युस्त लिहा. जाँव्हिए ऑग्युस्त. होऊ दे कोट आणि उन्हाची टोपी." सही करताना त्यानं अक्षरन् अक्षर काढलं. वेळ लागला. मास्तर थांबले.

बाळ त्या महिन्यात तीनदा जायला टेकलं आणि तीनदा परत आलं. फिलोमेन आणि ओदेत आळीपाळीनं त्याला छातीशी बांधून बसायच्या. फ्लोरेआलनं विटा तापवून आणून द्यायला स्वतःचा गाडा जुंपला. व्हेर्दिए मास्तरांच्या बायकोनं दूध मोजून पाजायची काचेची नळी शहरातून मागवली. गावात नावावरून कोणी एक शब्द बोललं नाही, बोललं ते फक्त "आज कसं आहे?" एवढंच. जाँव्हिए बर्फ सारता सारता प्रत्येकाला उत्तर द्यायचा आणि प्रत्येकाचे आभार मानायचा. पन्नास वर्षांत तो इतकं बोलला नव्हता. बर्फ वितळून ओढे वाहू लागले तेव्हा बाळाचे गाल भरले, आणि जेरारचं पत्र आलं की नाव फार आवडलं, फोटो पाठवा.

फिलोमेन सफरचंदांच्या दिवसांत गेली. दुपारी अंगणात शेंगा सोलत बसली होती, ओदेत पाणी घेऊन येते तोवर मान कलली होती. दुखलं नाही, खुपलं नाही.

जाँव्हिए कचेरीत नोंद द्यायला गेला. व्हेर्दिए मास्तरांनी हळू आवाजात एकेक विचारलं आणि लिहिलं. तिचं नाव, वय, नवऱ्याचं नाव, गाव. मग खबर देणाऱ्याचं नाव, धंदा. पुढच्या रकान्यापाशी त्यांची लेखणी अडखळली. कागदोपत्री जाँव्हिए तिचा कोणीच नव्हता. सरकारचा मुलगा आणि सरकारनं नेमलेली दाई, एवढंच.

"मृताशी नातं?" मास्तरांनी विचारलं. नियम होता, विचारावंच लागायचं.

"मुलगा," जाँव्हिए म्हणाला.

मास्तरांनी वर पाहिलं नाही. लेखणी दौतीत बुडवली, काठावर निथळली, आणि वळणदार अक्षरात तो शब्द लिहिला. मग टिपकागद ठेवून त्यावरून तळवा सावकाश फिरवला, शाई फुटू नये म्हणून.