शेवटच्या वावराचं पाणी

"बुडाला! याचाही दाणा बुडाला! बोला, देवीमाता की जय!"

आवळपेठेच्या बाजारतळावर त्या दिवशी मुंगीला शिरायला जागा नव्हती. खरं तर बाजाराचा वार नव्हता, तरी पाड्यापाड्यांवरून माणसं जीपला लोंबकळत आली होती. पिंपळाखाली चौरंग, चौरंगावर पितळी घंगाळ, घंगाळात काठोकाठ पाणी आणि त्यासमोर भगव्या शालीत भिमाजी महाराज. प्रत्येक घराने आपल्या कणगीतला मूठभर भात, सालीसकट, रुमालात बांधून आणायचा. महाराज ती मूठ पाण्यात सोडत. दाणे तळाला गेले की गर्दी टाळ्या वाजवी आणि त्या घरचा माणूस परीक्षा पास झाल्यासारखा मान ताठ करून मागे फिरे.

"देवी सत्याची, पाणी सत्याचं!" महाराज गरजत होते. "ज्याचं मन साफ, त्याचा दाणा जड! ज्याच्या घरात वाईट विद्या, त्याचा दाणा देवी पोटात घेणार नाही. देवीला उलटी होईल, उलटी!"

प्रत्येक मुठीतले चार-दोन दाणे वर तरंगतच होते. ते महाराज मोरपिसाने हळूच बाजूला सारत आणि "ही नुसती नजर, नजर" असं पुटपुटत. मला ते दिसत होतं, पण माझ्या दिसण्याला विचारतो कोण? मी भारत, गावच्या दवाखान्यातला कंपाउंडर. दिवाळीपासून गावात हिवतापाची साथ होती. गोळ्या पुऱ्या घ्या म्हणून सांगताना माझा घसा बसला होता. लोक दोन गोळ्या घेत, घाम आला की उरलेल्या फडताळात ठेवत आणि ताप उलटला की म्हणत, करणी झाली. पाटाचं पाणी वाटणारे पाटकरी गोटीरामबाबा, त्यांच्या नातवाचा ताप तसाच उलटला, आणि कुणीतरी या महाराजांना गाडीभाडं देऊन आणलं.

"बाबा, हा डासांचा ताप आहे," मी त्या सकाळी पुन्हा सांगून पाहिलं होतं.

"तू गोळ्या मोज," गोटीरामबाबा म्हणाले. "देवाच्या कामात पडू नको."

गोष्ट दोन हजार तीन सालच्या मार्गशीर्षातली. आवळपेठ म्हणजे सुरगाण्याच्या डोंगरात, गुजरातच्या हद्दीकडे जाणाऱ्या रस्त्यावरचं लहानसं गाव. म्हणायला पेठ. एक बाजारतळ, इनायतभाईंचं किराणा दुकान, दवाखाना, आश्रमशाळा आणि जीपचा थांबा. किल्ला नाही, मोठं देवस्थान नाही. कुणी इतिहास विचारला तर आम्ही पाहुण्याला थेट नदीवर नेतो आणि बंधारा दाखवतो. आमच्या पणज्यांनी डोक्यावरून दगड वाहून तो घातला. त्यातून पाट काढला आणि पाण्याच्या पाळ्या ठरवताना एक नियम केला: पाट सुटला की पहिलं पाणी शेवटच्या वावराला. वरच्यांच्या बांधावरून पाणी जाणारच आहे, त्यांनी दम धरावा. हा नियम आम्ही पाहुण्याला छाती फुगवून सांगतो. असं शहाणपण तुमच्या नाशकात तरी आहे का, असंही वर विचारतो.

त्या दिवशी शेवटच्या वावराची पाळी घंगाळापाशी आली.

ते वावर भागीबाईचं. नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली. लेक आणि सून द्राक्षाच्या कामाला दिंडोरीकडे गेलेले. बाजारात रानभाज्या विकायची, कुणाचं लेकरू दिसलं की त्याच्या गालावरून हात फिरवायची. गोटीरामबाबांच्या नातवाच्या गालावरूनही फिरवला होता, हे आता सगळ्यांना नेमकं आठवलं.

महाराजांनी तिचा रुमाल सोडला, मूठ उंच धरली आणि पाण्यात टाकली.

सगळा भात वर तरंगला.

कुठूनतरी बाईमाणसाचा आवाज आला, "अगं माय, भुताळी!" आणि गर्दी एकदम मागे सरली. भागीबाईभोवती मोकळं रिंगण पडलं. कालपर्यंत तिच्याकडून उधारीवर भाजी नेणाऱ्या बायांनी पोरांना पदराआड घेतलं.

"मी नाय काय केलं," ती म्हणाली. "देवीशपथ, मी नाय काय केलं."

"दिवस मावळायच्या आत शीव सोडायची," महाराजांनी निकाल दिला. "घर बंद, वावर बंद. त्या वावराची शांती मी स्वतः करीन." दोन तरुण तिच्या घराकडे धावलेही, भांडीकुंडी बाहेर काढायला. त्यातल्या एकाला लहानपणी विंचू चावला तेव्हा हीच बाई त्याला पाठीवर घेऊन दवाखान्यात आली होती.

"महाराज, माझीही एक मूठ टाकायची राहिली."

आश्रमशाळेच्या विज्ञानाच्या शिक्षिका, दीपमालाबाई. देवळ्याकडच्या, गावात येऊन वर्षही झालं नव्हतं. बाजारतळाला लागूनच एक खळं होतं. तिकडून त्या ओंजळ मिटून आल्या होत्या.

"टाक बाळ, टाक. देवीपुढे सगळे सारखे. कोणत्या घरचं धान्य?"

"आधी टाकते, मग सांगते."

बाईंनी ओंजळ सोडली. एकूण एक दाणा तरंगला.

महाराजांचे डोळे चमकले. अंग घुसळत ते ओरडले, "दुसरी! गावात दुसरी भुताळी! जोडीनं विद्या चालवतात! बोल बाळ, कोणत्या घरातली? नाव घे, भिऊ नको!"

"गोटीरामबाबांच्या."

गोटीरामबाबा ताडकन उठले. "काय बोलता बाई? कुठून घेतलं?"

"तुमच्याच खळ्यावरून. उफणताना लांब उडून पडलं होतं, त्यातलं."

"अहो, ते पोचट हाय!" बाबा ओरडले. "त्यात दाणाच नाय! ते तरंगणारच की!"

बोलून गेले आणि स्वतःच घंगाळात वाकून बघू लागले.

बाईंनी घंगाळात तरंगणारे दोन्ही घरचे दाणे ओंजळीत घेतले आणि नखाने एकेक फोडून पुढच्या रांगेतल्या लोकांच्या हातावर ठेवले. साल होती, आत तांदूळ नव्हता. मग रुमालाच्या तळाशी चिकटलेले दोन-तीन भरीव दाणे शोधून पाण्यात टाकले. ते मुकाट तळाला गेले.

"हेही भागीबाईंच्याच घरचे," त्या म्हणाल्या. "हे कसे बुडाले? जूनमध्ये पेरणीआधी तुम्ही सगळे बियाणं मिठाच्या पाण्यात टाकता. तरंगलेलं कोंबड्यांना घालता. तेव्हा कुणी भुताळी शोधत नाही. तेच पाणी आहे, तोच दाणा आहे. मोरपीस तेवढं नवीन."

मागे कुणीतरी फिसकन हसलं. आम्ही पिढ्यान्‌पिढ्या भात पिकवणारी, बाराही महिने भात खाणारी माणसं. पोचट दाणा तरंगतो हे आमच्या पाळण्यातल्या पोरालाही कळतं. आणि आम्ही तोंड वासून बघत होतो, मधाचं बोट चाटल्यासारखे.

"पण भागीबाईचाच भात पोचट हे महाराजांना आधी कसं ठाऊक?" मी विचारलं. आता माझा आवाज निघत होता.

"परवा आला व्हता ना घरी," भागीबाई म्हणाली. "अक्षतांना मूठभर भात दे म्हणला. हातात घेऊन असा झेलला. मग इचारलं, घरात पुरुष कोण हाय? म्हटलं, कोनी नाय."

महाराज सर्वांच्याच घरी अक्षता मागायला गेले होते. मूठ झेलून वजन पारखायचं, घरात पाठीशी उभं राहणारं माणूस आहे की नाही ते पाहायचं आणि मग देवीला बोलवायचं. बिंग फुटलेलं पाहून ते "कलियुग, कलियुग" म्हणत घंगाळ उचलून जीपकडे निघाले. घंगाळातलं पाणी त्यांच्याच धोतरावर सांडलं. जीपवाला इमरान दारात आडवा आला. "ना महाराज, चालत जा. पोचट माल भरत नाय मी."

मोठा हशा झाला. मीही पोट धरून हसलो. गोष्ट इथेच संपली असती तर किती बरं झालं असतं.

पण दीपमालाबाई पडल्या परगावच्या. त्यांनी अगदी सरळ मनाने विचारलं, "बाकी सगळ्यांचा भात भरला. याच एका वावरातला का नाही भरला?"

हसू जागच्या जागी मेलं. कुणी पिंपळाकडे बघू लागलं, कुणी पायाच्या अंगठ्याने माती उकरू लागलं. गोटीरामबाबांनी टोपी काढली आणि मांडीवर ठेवली.

उत्तर भागीबाईने दिलं. ती रागावलेलीही नव्हती.

"दाणा भरायच्या टायमाला पाऊस गेला. माझ्या पाळीला पाट आला नाय. मी पाटाच्या कडंनं वर वर गेले. ज्याच्या त्याच्या वावरात पाणी. पाटकऱ्याला म्हटलं, तो म्हणला उद्या. मग परत उद्या."

पाटकरी म्हणजे गोटीरामबाबा. पण एकट्या बाबांनी पाणी नेलं नव्हतं. प्रत्येकाने आपल्या बांधाशी पाट थोडा फोडला होता. एकटी बाई, रात्रंदिवस पाटावर राखण करायला तिच्याकडे माणूस कोण? आमच्या भावाचं वावरही त्याच पाटावर आहे. आमचाही दाणा मघाशी बुडाला होता आणि आम्हीही टाळ्या घेतल्या होत्या. तो दाणा जड होता तो तिच्या पाण्यावर पोसलेला. गावाने तिचं पाणी चोरलं, आणि त्या चोरीने पोकळ राहिलेला भात घंगाळात घालून तिलाच भुताळी ठरवलं. महाराज तर भामटाच होता, त्याचं पोटच त्यावर चालतं. आम्हाला कोणी फसवलं होतं?

"मावशे, चुकलं," गोटीरामबाबा म्हणाले.

"पाणी नेलं, ते गिळलं मी," भागीबाई म्हणाली. "वर्सभर उसनं मागून खाल्लं असतं. पन माझ्या घरात भांडी फेकायला पोरं धाडली तुम्ही. एकानं तरी म्हणायचं व्हतं, हिच्या वावरात पाणी नाय गेलं म्हणून. समद्यांना ठावं व्हतं."

तिने रिकामा रुमाल झटकला, कमरेला खोवला आणि ती घरी गेली. दारात पडलेली भांडी तिने एकटीने उचलली. मदतीला पुढे गेलेल्या बायांना तिने हाताने परत फिरवलं.

नातवाचं रक्त मी दुसऱ्या दिवशी तपासणीला पाठवलं. हिवतापच निघाला. या वेळी बाबांनी स्वतः समोर उभं राहून त्याला सगळ्या गोळ्या गिळायला लावल्या. पोरगं आठवड्यात गल्लीत हुंदडू लागलं.

पुढच्या आश्विनात पाऊस पुन्हा लवकर गेला. पाट सुटला तेव्हा गोटीरामबाबा फावडं घेऊन पाण्याबरोबर चालत गेले, कुणाच्या बांधाशी थांबू न देता, थेट शेवटापर्यंत. भागीबाई वावरात उभी होती. "पाणी आलं, मावशे," ते म्हणाले. तिने नुसती मान हलवली आणि बारं धरून पाणी वावरात घेतलं. बाजारतळावर ती पुन्हा कधी बसली नाही. भाजी शाळेच्या फाटकाशी विकते.

म्हणून सांगतो, कुणी चमत्कार दाखवला तर हात जोडण्याआधी दाणा नखाने फोडून बघा. रोजच्या कामातली अक्कल गर्दीत जाताना घरी ठेवून जाऊ नका. ताप आला तर दवाखान्यात या, गोळ्या पुऱ्या घ्या. आणि दाणा पोकळ निघाला, तर तो पोकळ का राहिला हेही विचारा. तिथे एखादे वेळी आपलंच नाव निघतं.

आजही पाहुणा आला की आम्ही त्याला बंधारा दाखवायला नेतो. पणज्यांनी दगड कसे वाहिले ते सांगतो. पहिलं पाणी कुणाला, हे सांगायची वेळ आली की मात्र आम्ही एकमेकांच्या तोंडाकडे बघतो आणि पाहुण्याला म्हणतो, चला, चहा घेऊ.