इन्स्पेक्टरच्या अंगावरचा कोट

मी एक जुना, राखाडी, लोकरीचा ओव्हरकोट आहे. माझा जन्म हाम्बुर्गच्या एका स्टुडिओतल्या कपडेपटात झाला. शिंप्याने मला जाड अस्तर घातलं, काळी बटणं लावली, आणि मित्रांनो, माझं पहिलं काम काय? तर एका मढ्याच्या अंगावर पडून राहणं!

मढं म्हणजे एकार्ट लोमायर नावाचा तरुण नट. टीव्हीच्या पोलिसी मालिकेत त्याला एल्बे नदीच्या चिखलात पालथं पडायचं होतं. वारा असा बोचरा, की मी त्याच्या गळ्याशी घट्ट बसूनही तो शिंकलाच.

"मेलेला माणूस शिंकतो होय रे?" दिग्दर्शक ओरडले.

"साहेब, खून थंडीनेच केलाय," मढं म्हणालं.

सगळे हसले, दिग्दर्शकही. पुढे त्यांनी त्याला हवालदाराचं काम दिलं. तोंड चिखलात होतं, कुणाला दिसलंच नव्हतं, म्हणून मेलेला माणूस परत कसा आला, असं कोणी विचारलं नाही! काही वर्षांनी तोच मालिकेचा इन्स्पेक्टर झाला आणि मी त्याचा कोट.

मधूनमधून तो सिनेमात नाविक व्हायचा, पाद्री व्हायचा, एकदा तर राजाही झाला. तेव्हा मी खुंटीवर. पण हिवाळा आला की पुन्हा आम्ही दोघं. संवाद आठवेनासा झाला की तो उजवा हात माझ्या खोल खिशात घालायचा आणि शब्द सापडायचे. बघणाऱ्यांना वाटायचं, इन्स्पेक्टर विचार करताहेत.

बंदरावर चित्रीकरण असलं की मासळीपाव विकणारी बाई हाक मारायची, "काय इन्स्पेक्टरसाहेब, आज कुणाला धरलंत?"

"तुमच्या कांद्याला. सगळ्यांना रडवतो!"

मग मालिका संपली. स्टुडिओने निरोपाची भेट म्हणून मलाच एकार्टला देऊन टाकलं. त्याच्या बायकोने, हायडरूनने, मला डांबराच्या गोळ्यांसोबत कपाटात टांगलं. किती वर्षं गेली कोण जाणे. बाहीला कसर लागली. अंधारात मला त्याचा खोकला ऐकू यायचा, आणि मी नुसता लटकत राहायचो.

एक दिवस कपाट उघडलं. म्हाताऱ्या एकार्टला नाटकात काम मिळालं होतं, निवृत्त कप्तानाचं. इथे चुकलं तर पुन्हा चित्रण होणार नव्हतं, एका दमात सगळं म्हणायचं होतं. तो घाबरला होता. पण मला घालून तालमीला उभा राहिला आणि शब्द सुरेख आले.

रंगीत तालमीला कपडेपटाच्या टिमानबाईंनी मला चिमटीत धरलं. "हा कुणाचा?"

"माझाच."

"मग काढा! स्वतःचा कोट घालून रंगमंचावर? नाटक पाडायचंय का, लोमायरसाहेब?"

"बाई, तुम्ही एवढ्या शिकलेल्या, आणि अपशकुन मानता?"

"मानत नाही. पण धोकाही पत्करत नाही."

तिथली सगळीच मंडळी अशी. हसतील, पण स्वतःच्या कोटात कुणी रंगमंचावर जाणार नाही. एकार्टला दुसरा कोट चढवला. त्याचा हात खिसा शोधत राहिला, पण त्या कोटाला खिसाच नव्हता. तो अडखळला, पुन्हा अडखळला. दिग्दर्शिका हळूच म्हणाली, "दुसरा नट बघून ठेवा."

दुसऱ्या दिवशी सकाळी हायडरून त्याच्याबरोबर नाटकघरात आली. "अरे एकार्ट, कोट तुझा आहे म्हणूनच नको ना? मग देऊन टाक नाटकघराला!"

त्याने मला छातीशी धरलं. "आणि मी घरी काय घालून जाऊ?"

"माझी शाल."

टिमानबाईंनी माझी बाही रफू केली, कॉलरच्या आत नाटकघराची पट्टी शिवली आणि मला त्याच्यासमोर धरलं. "घाला. आता हा आमचा कोट आहे. सांभाळून वापरा हं!"

पहिल्या प्रयोगाला दुसऱ्या अंकात एकार्ट थांबला. पुढचं वाक्य आठवेना. त्याचा हात माझ्या खिशात शिरला. बोटं गार पडली होती. मग शब्द आले, आणि शेवटी टाळ्या थांबता थांबेनात. मी त्याचा राहिलो नव्हतो, म्हणूनच त्याच्या अंगावर होतो.

तर मित्रांनो, तुमच्या कपाटात कुणी कोंडलेलं असेल तर बाहेर काढा. भोक शिवा, बटण घट्ट करा, ज्याला हवं त्याच्या खांद्यावर द्या. माझं आता इथे छान चाललंय. फक्त एवढं करा. नाटक सुटल्यावर बर्फात फुलाफुलांची शाल पांघरलेले आजोबा दिसले, तर ती त्यांच्या गळ्याशी नीट गुंडाळा. ते स्वतः कधीच गुंडाळत नाहीत.