भामाचा हिरडा

आमच्या वाडीत नवी सून घरात आली की सासू तिला हिरड्याचे एक झाड नेमून देते. जमीन सासऱ्याची, घर नवऱ्याचे. परंतु त्या झाडाचा बाळहिरडा, म्हणजे आत बियांची टणक आठी धरण्यापूर्वी काढून वाळवलेले कोवळे फळ, केवळ तिचे. राजूरच्या बाजारात ते विकून आलेल्या पैशाला घरातला पुरुष हात लावत नाही. माझ्या सुनेला, भामाला, मी अंगणाखालच्या उतारावरचा हिरडा दिला होता.

सन १९९३च्या सुमारास वाडीच्या वरचा गड पाहायला पुण्या-मुंबईची माणसे येऊ लागली. माझा मुलगा कानिफनाथ त्यांना वाट दाखवी आणि मी त्यांना नाचणीची भाकरी वाढी. माझ्या हातच्या पिठल्याची आठवण काढून लोक पुन्हा येत. त्याचा मला अभिमान होता आणि तो मी लपवला नाही. दोन पावसाळ्यांत वाडीने वरईची शेते पडीक टाकली. तिथे तंबू उभे राहिले. एकटी भामा तेवढी नाराज होती. पाहुणे चार महिन्यांचे, पोट बारा महिन्यांचे, असे तिचे म्हणणे. बायांनी मिळून हिरडा वाळवावा, वरई सोडू नये, असा तिचा आग्रह. माझे यजमान वाडीचे पोलीस पाटील; पाटलाच्या सुनेने टोपली घेऊन बाजारात बसण्याचे दिवस संपले, असे मी तिला चारचौघींत सुनावले.

१९९५च्या उन्हाळ्यात कानिफनाथने आणखी सहा तंबूंसाठी जागा मागितली. विहिरीजवळची सपाटी अधिक सोयीची होती. पण तिथे माझा स्वतःचा हिरडा होता. भामा माहेरी गेली होती. मी उतारावरचा तोडायला सांगितला.

ती परतली आणि तोडलेल्या बुंध्यापाशी क्षणभर थांबली. त्याच लाकडावर तिने महिनाभर पाहुण्यांचा चहा केला.

त्या श्रावणात गडाच्या वाटेवर दरड कोसळली आणि वाट बंद झाली. पुढल्या वर्षीही ती उघडली नाही. तंबू उंदरांनी कुरतडले. पडीक शेतांत पेरायला कोणाच्या घरी वरईचे बी उरले नव्हते. एकेक घर नारायणगावकडे मजुरीला निघाले. यंदा चैत्रात कानिफनाथनेही गाठोडे बांधले.

मी उंबऱ्यात उभी राहिले. आयुष्यात कोणाची मनधरणी केली नव्हती, तरी म्हणाले, "भामा, विहिरीजवळचा हिरडा आजपासून तुझा. यंदा लई लागलाय. राहा."

तिने डोक्यावरचा पदर नीट केला.

"तुमचा तुमी राखलात, आत्याबाई. आता त्याचा हिरडा बी तुमीच काढा."

ती पाया पडली आणि गेली. रीत तिने मोडली नाही.

माझे वय सत्तर. झाडावर चढेल असे वाडीत कोणी उरलेले नाही. रोज सकाळी मी विहिरीपाशी जाऊन खाली पडलेले एक फळ उचलते आणि दाबून पाहते. कालपर्यंत नख आत जात होते. आज गेले नाही.