पॉजमधले तास

त्या सुट्टीत ताईला एक दार मिळणार होते. दाराच्या मागे खोली होती हे खरे, पण खोली अगदीच लहान. खिडकीसमोर शेजारच्या इमारतीची भिंत, आणि कपाटाच्या एका पायाखाली पुठ्ठा. त्या खोलीचे सगळे मोल तिच्या दारात होते. ताई पंधरा वर्षांची होती आणि बाहेरच्या खोलीत झोपत होती, एका बाजूला आजी, दुसऱ्या बाजूला धाकटा भाऊ. कपडे बदलायचे तर न्हाणीघर. मैत्रिणीशी फोनवर बोलायचे तर जिना. रडू आले तर तोंडावर पुस्तक धरायचे आणि धडा कठीण आहे असे सांगायचे. दार मिळाले तर हे तिन्ही खर्च वाचणार होते.

तिच्या भावाला, बाळ्याला, एवढा फायदा नव्हता. तो तेरा वर्षांचा. कुठेही कपडे बदलायचा, कुठेही झोपायचा. त्याला खोली हवी होती, कारण ती ताईला हवी होती.

मित्रांनो, हा हिशेब मला ठाऊक आहे, कारण खोली कुणाला द्यायची हे ठरवण्याचे काम माझ्या गळ्यात पडले. मी कुणी वकील नाही की घरातला वडीलधारा नाही. मी टीव्हीखाली बसणारा एक जुना गेम कन्सोल. घरात मला 'डबा' म्हणत.

माझा जन्म एका लांबलचक टेबलावर झाला. टेबलाच्या दोन्ही बाजूंना बायका बसल्या होत्या आणि प्रत्येकीच्या वाट्याला एकेक काम होते. एकीने माझ्या पोटात पंखा बसवला, दुसरीने झाकण लावले, तिसरीने चार स्क्रू पिळले आणि मान वर न करता मला पुढे ढकलले. जन्म देऊन इतक्या लवकर मोकळ्या होणाऱ्या आया मी नंतर पाहिल्या नाहीत. मग दुकानाच्या काचेमागचे दिवस आले. मुले काचेला नाक लावून उभी राहत. आईवडील किमतीची चिठ्ठी वाचत आणि नाकासकट मुलाला ओढून नेत.

शेवटी मला एका तरुणाने उचलले. तो या मुलांचा काका. तीच माझी कौतुकाची वर्षे. काका मला रोज मऊ फडक्याने पुसायचा. स्वतःचा चष्मा मात्र सदऱ्याच्या टोकाला पुसायचा. पाहुणे आले की मला चालू करून दाखवी. मुलांना खेळायला त्यानेच शिकवले आणि दोघांची वेगवेगळी नावे माझ्यात घातली, म्हणजे कुणाचा खेळ कुठवर आला ते मला वेगळे ठेवता यावे.

पुढे काकाचे लग्न ठरले. नवे घर, नवा संसार. होणारी काकू म्हणाली, "एक तर तो डबा येईल, नाहीतर मी." काकाने थोडा वेळ विचार केला. त्या थोड्या वेळाचा मला आजही अभिमान आहे. मग तो गेला, मी राहिलो, आणि त्याची खोली रिकामी झाली.

आता बाबांविषयी. त्यांचे झेरॉक्सचे दुकान होते. दिवसभर गिऱ्हाइकांशी डोकेफोड झाली की घरी त्यांना कुणाचाच वाईटपणा घ्यायचा नसे. ताईला खोली द्यावी तर बाळ्या घर डोक्यावर घेणार. बाळ्याला द्यावी तर ताई काही बोलणार नाही, आणि ते जास्त वाईट. तेव्हा त्यांनी जेवताना जाहीर केले, "सुट्टीभर जो कमी तास खेळेल, खोली त्याची. पोरांना शिस्त लागेल आणि खोलीचाही निकाल लागेल."

"आणि तास मोजणार कोण?" ताईने विचारले.

"डबा मोजतो ना. मिनिटामिनिटाचा हिशेब ठेवतो म्हणे. काका सांगत होता."

"म्हणजे मी रोज बघणार," बाळ्या म्हणाला, "ताईचे किती झाले ते."

"अजिबात नाही. रोज भांडणं नकोत मला. आकडे मी कुलपात घालतो, शेवटच्या दिवशीच उघडायचे."

त्यांनी खरोखरच माझ्या त्या पानाला चार आकड्यांचे कुलूप घातले. वाईटपणा माझ्याकडे सोपवून बाबांनी समाधानाने दुसऱ्यांदा वाढून घेतले.

आता मी मोजतो ते काय, हे एकदा नीट सांगतो. गेम उघडला की माझे घड्याळ चालू होते आणि गेम बंद केला की थांबते. मधे कुणी कंट्रोलर खाली ठेवून गावभर फिरून आले तरी माझ्या लेखी ते खेळच. पॉज केलेला गेम हा चालू गेम. नियम कारखान्यातच घालून दिलेला, मला तो बदलता येत नाही. तो कुठेतरी माहितीपुस्तकात लिहिलेला असतो. ते पुस्तक काकाने माझ्या खोक्यात घडी न मोडता ठेवले होते.

ताई मुळीच खेळली नसती तरी चालले असते. पण सुट्टी लांब होती, मैत्रिणी बाहेरगावी गेल्या होत्या, आणि ती भावाला पुरती ओळखून होती. हा घास घेतानाही बोटे हलवणार. तेव्हा आपण रोज अर्धा तास खेळलो तरी जिंकलोच, असा तिने अंदाज बांधला. अंदाज चांगला होता. ती रोज अर्धाच तास खेळली.

तिचा गेम होडीचा होता. एका बंदरातून निघायचे, वादळे चुकवायची आणि दुसऱ्या बंदराला लागायचे. बंदराला लागल्याशिवाय झालेला प्रवास जपला जात नसे. भर समुद्रात गेम बंद केला तर पुन्हा पहिल्यापासून. आणि ताई भर समुद्रात पोचली की स्वयंपाकघराच्या दारातून हाक येई.

"ताई, ते पॉज कर आणि ये गं जरा."

आईने इंग्रजीतला हा एकच शब्द त्या सुट्टीत आत्मसात केला, पण काय वापरला! आई घरी शिवणकाम करायची. मशीनवरून उठले की टाका चुकतो म्हणून तिला दुसऱ्याचे पाय लागत. आजीच्या डोळ्याची मोतीबिंदूची शस्त्रक्रिया झाली होती. दिवसातून कितीदा तरी थेंब टाकायचे, मग दुसऱ्या बाटलीचे टाकायच्या आधी थांबायचे. तिसऱ्या मजल्यावरच्या डॉक्टरीणबाईंचे पडदे पोचवायचे, आणि डॉक्टरीणबाई पडदे लावून बघेपर्यंत स्टूल धरून उभे राहायचे. कोपऱ्यावरून दोरा आणायचा, तोही कापडाशी लावून बघून. नळवाला येणार असेल तर दाराकडे कान लावून बसायचे.

"बाळ्याला का नाही सांगत कधी?" ताईने एकदा विचारलेच.

"त्याला? निळा दोरा सांगितला तर हिरवा आणतो, आणि वर मलाच विचारतो, मग काय झालं? तू कशी पटकन करून येतेस."

पटकन करून येणाऱ्या माणसाला हे घर लगेच दुसरे काम देई. ताई गेली की मी वाट बघत बसे. पडद्यावर होडी जागच्या जागी डुलत राही आणि पॉजमध्ये वाजणारी एक संथ धून पुन्हा पुन्हा वाजे. बाळ्या त्याआधीच तासभर फुटबॉलचा गेम खेळून, मला बंद करून, मित्रांकडे पळालेला असे. त्याला कुणी हाकच मारत नसे, त्यामुळे पॉजचे बटण नेमके कुठे आहे हे त्याला शोधावे लागले असते.

सुट्टी संपली. बाबांनी सगळ्यांना टीव्हीसमोर बसवले, कुलूप उघडले आणि मी आकडे दाखवले. बाळ्या त्रेसष्ट तास. ताई चौऱ्याण्णव.

बाळ्याने सोफ्यावरून उडी मारली. ताई पडद्याजवळ गेली आणि तिने आकडा बोटाने पुसून बघितला.

"मी एवढी खेळलेच नाही, बाबा."

"अगं, मशीन काय तुझ्याशी वैर धरून बसलंय?"

"पण मी रोज अर्धाच..."

"सगळ्यांना तसंच वाटतं," आई म्हणाली. "खेळताना वेळ कुठे कळतो? मी बघायचे ना, कधीही यावं तर तुझाच खेळ लागलेला."

ती अगदी खरे बोलत होती. कधीही यावे तर ताईचाच खेळ लागलेला असे, कारण ताई आईनेच सांगितलेल्या कामाला गेलेली असे. पण पॉजचेही तास चढतात, हे सांगायला तिथे कुणी नव्हते. मी फक्त आकडे दाखवतो.

बाळ्याने त्याच संध्याकाळी आपली गादी खोलीत नेली आणि भिंतीवर खेळाडूंची चित्रे चिकटवली. दार तो उघडेच टाकी. ताई न्हाणीघरात जाऊन कपडे बदलू लागली. माझ्यावर तिने राग काढला नाही, आदळआपट केली नाही. फक्त मला हात लावणे सोडले. तोवर माझ्या पाठीवरच्या जाळीतली धूळ तीच काढत असे. हळूहळू जाळी बुजली, पंखा घरघरू लागला. "हा डबा म्हातारा झाला," असे बाळ्या म्हणाला आणि त्याने आवाज वाढवला.

शाळा सुरू झाल्यावर एका संध्याकाळी ताई क्लासला गेली होती. आजीच्या दुसऱ्या डोळ्याची शस्त्रक्रिया नुकतीच झालेली. आईने नाइलाजाने हाक मारली, "बाळ्या, ते पॉज कर आणि ये."

बाळ्याने बटण शोधले. थेंब टाकले, त्यातले दोन आजीच्या कानात गेले. मग तिसरा मजला, मग दोरा, मग दोऱ्याचा रंग चुकला म्हणून पुन्हा दोरा. परत आला तेव्हा त्याच्या कपाळावर घाम होता. कुलूप आता नव्हते. त्याने सहज आपले तास बघितले आणि तसाच उभा राहिला. दहा मिनिटांच्या सामन्याला मी पावणेदोन तास लावले होते.

मुलगा दोऱ्यात कच्चा, गणितात नाही. त्याला सगळे त्याच क्षणी समजले. गप्प राहण्यात त्याचा फायदा एका खोलीचा होता. बोलण्यात फायदा असा काही दिसत नव्हता. तो गप्प राहिला. फक्त त्या दिवसापासून हाक आली की गेम बंद करूनच उठू लागला.

पण डोळे मिटून पडलेल्या माणसाचे कान फार उघडे असतात.

काही दिवसांनी सगळे जेवायला बसले होते. बाबा खुशीत होते. दुकानातल्या मशीनवर जितके कागद निघतात तितके त्याच्या काउंटरवर मोजले जातात, आणि कंपनीचा माणूस महिन्याला येऊन तो आकडा उतरवून नेतो आणि कागदामागे पैसे लावतो. बाबांनी त्या दिवशी त्याला अडवले होते.

"म्हटलं, अडकलेले, कोरे निघालेले, सगळे तुझा काउंटर मोजतो. ते काय मी गिऱ्हाइकाला दिले? हा बघ गठ्ठा, कर वजा! केले झक्कत वजा."

"बाळ्या," आजी मधेच म्हणाली, "हल्ली तू उठताना ते बंद करतोस होय रे? गाणं वाजत नाही."

"कुठलं गाणं?" आईने विचारले.

"अगं ते नाही का, टुणटुण टुणटुण. ताई माझ्या डोळ्यात थेंब टाकायची तेव्हा वाजत असायचं. पडदे द्यायला जायची तेव्हाही. ही पोरगी तिसऱ्या मजल्यावर आणि तिची होडी इथं गातेय. दुपारची छान डुलकी लागायची मला."

ताईचा हात ताटात थांबला. ती भावाकडे वळली. "तू का बंद करतोस रे?"

"असंच."

"बाळ्या."

त्याचे कान लाल झाले. "पॉजमध्येपण तास पळतात," तो ताटाला म्हणाला.

आईच्या मनात थेंब, पडदे, दोरा, नळवाला असे सगळे ओळीने उभे राहिलेले दिसत होते.

"बाबा," ताई म्हणाली, "कोरे कागद तुम्ही वजा करून घेता ना?"

बाबांनी घास गिळला. पाणी प्यायले. "घेतो. म्हणजे... ते बरोबरच आहे. उद्या बघू आपण खोलीचं."

"उद्या नाही. आत्ता."

"जेवण तरी होऊ दे!" बाळ्या ओरडला. "आणि मी भिंतीवर चित्रं चिकटवलीत!"

"राहू देत. मी सोलून काढीन सावकाश."

आई उठली, तिने हात धुतले आणि बाळ्याची गादी गुंडाळून बाहेर आणली. ताई आत गेली. दार लागले. नंतर बराच वेळ तिने ते उघडले नाही, आणि बाहेर बसलेल्या चौघांपैकी एकानेही हाक मारली नाही.

दुसऱ्या दिवशी बाबा मला म्हणाले, "तूच सगळा घोळ केलास." मग त्यांनी माझी वायर माझ्याभोवती गुंडाळली आणि मला माळ्यावर ठेवले, जुन्या उशांच्या आणि फुटक्या बादलीच्या मधे. मी इथूनच तुमच्याशी बोलतो आहे.

मित्रांनो, तुमच्याही घरी मोजणारे पुष्कळ असतील. पावले मोजणारे, तास मोजणारे, गुण मोजणारे. त्यांची धूळ पुसत जा, जाळी मोकळी ठेवा; आम्ही फार काळ टिकतो. पण आमच्या आकड्यावरून कुणाला काही द्यायचे किंवा कुणाचे काही काढून घ्यायचे असेल, तर आधी विचारा, हे नेमके काय मोजले? त्यापेक्षा ज्याचा आकडा आहे त्यालाच विचारा आणि त्याचे बोलणे पुरे होऊ द्या.

राहता राहिला हिशेब. बाबांना वाईटपणा घ्यावा लागला नाही, तो माझ्या नावे पडला. आईची कामे वेळेवर झाली. आजीची दुपारची झोप झाली. बाळ्याची खोली गेली, पण ती त्याची नव्हतीच. ताईच्या चौऱ्याण्णव तासांतून पॉजमधले तास त्या जेवणात वजा झाले आणि सगळ्यांना वाटले, फिटले. पण वजा केलेले ते तास दुसऱ्या कुणाच्याच नावावर चढले नाहीत. त्यांची किंमत ताईने आपल्या सुट्टीने भरली.