चहात बुडालेला एलेचेक

मित्रांनो, मी एक जुना एलेचेक आहे. खरं तर आता 'होतो' म्हणायला हवं, कारण माझी वीतभर पट्टीच काय ती उरली आहे. आमच्या किरगीझ डोंगरांत लग्न झालेल्या बाया डोक्याला लांबलचक पांढरं कापड वेढे देऊन बांधतात, तो मी. वाटेत मूल जन्मलं तर दुपटं मीच, आणि कुणी गेलं तर कफनही मीच. कानीमेतच्या सासूनं मला तिच्या डोक्यावर बांधलं, तेव्हाच कानीमेतनं ठरवून टाकलं होतं, की मातीत जायचं ते मलाच पांघरून.

पण तिची लेक बुर्माकान नटी झाली. फ्रुंझे शहरातल्या नाटकमंडळीत तिला पहिली मोठी भूमिका मिळाली, तीही म्हातारीची. ती धावतच गावी, कानीमेतकडे आली. आईला ती आमच्या रीतीप्रमाणे आपा म्हणायची.

"आपा, तुझा एलेचेक दे ना. नाटकवाल्यांचा नकली वाटतो, डोक्यावर उशी ठेवल्यासारखा."

"आणि तुझ्या आईनं काय बोडकं फिरायचं?"

"एवढ्या एका खेळापुरता गं."

"ने बाई. पण पांढरा नेतेस, पांढराच आण. मला त्यातच जायचंय."

त्या एका खेळाचे किती खेळ झाले, कोण जाणे. बुर्माकाननं मला उंच बांधलं की ती खानाची राणी व्हायची, सैल सोडलं की कजाग सासू. एकदा तर मला गुंडाळून तिनं असं बाळ खेळवलं, की पुढच्या रांगेतल्या बाया डोळे पुसू लागल्या. टाळ्या पडल्या की मीही फुगायचो, खोटं कशाला बोलू? गावी आपा साधा रुमाल बांधून बसली आहे, याची आठवण आम्हा दोघांनाही नसायची. त्याची मला आज लाज वाटते.

मग सिनेमा आला. दिव्यांच्या झोतात पांढरं कापड नुसतं चकाकतं, म्हणून कपडेवालीनं मला कडक चहाच्या पातेल्यात उकळलं. "पडद्यावर पांढराच दिसेल," ती म्हणाली. बुर्माकान समोरच उभी होती. तिनं नको म्हटलं नाही.

तो सिनेमा गावच्या क्लबात लागला, तेव्हा ती आपाशेजारी बसली होती आणि मी तिच्या मांडीवरच्या पिशवीत होतो. पडद्यावर मी खरोखरच पांढराशुभ्र दिसलो म्हणे. "बघा गं, माझ्या पोरीनं कसा जपलाय," आपा शेजारणींना सांगत होती. बुर्माकाननं पिशवीचं तोंड मुठीत घट्ट आवळलं. शहरात परतल्यावर तिनं मला साबणानं घासलं, राखेच्या पाण्यात उकळलं, उन्हात टाकलं. मी पिवळाच राहिलो. मग ती गावाला जायचंच टाळू लागली.

एक दिवस आपा गेल्याची तार आली. बुर्माकान मला घेऊन धावली. आपाला न्हाऊ घालायला थोरली वहिनी उलजान बसली होती. तिच्यापुढे मला ठेवून बुर्माकान म्हणाली, "वहिनी, मी हा चहात बुडवू दिला. आपाला सांगितलं नाही."

"तिला ठाऊक होतं. सिनेमाच्या दुसऱ्या सकाळी तू पाण्याला गेलीस, तेव्हा पिशवी उघडून हुंगला तिनं. म्हणाली, चहाच प्यायलाय ना, दारू तर नाही. मग दुकानातनं नवं कापड आणून ठेवलं. तो आता बुर्माचा, तिच्याकडे मागू नका, म्हणाली."

"मग मला का नाही सांगितलं?"

"तू येशील तेव्हा सांगणार होती."

रंगमंचावर परक्या आयांसाठी ओक्साबोक्शी रडणाऱ्या बुर्माकानला त्या दिवशी रडूच येईना.

पिकलं पान गळलं की आमच्याकडे कापड फाडून आल्यागेल्यांना तुकडे वाटतात, त्यांनाही तेवढं आयुष्य लाभावं म्हणून. आपा नव्या कापडात गेली, आणि बुर्माकाननं वाटायला मलाच फाडलं. शेवटची पट्टी तिनं स्वतःला ठेवली, ती आज तिच्या रंगपटातल्या आरशाला बांधलेली आहे. तोंड रंगवताना ती माझ्याकडे बघत नाही.

मित्रांनो, उसनं आणलेलं परत करा. मळलं असलं तरी करा, लाजून घरी जायचं थांबू नका. आपाला मी पिवळाही चालणार होतो. तेवढं तिला विचारायचं आमचं राहून गेलं.