कुरडयांचा डबा

त्या वर्षी सोलापुरात पुन्हा प्लेग आला. घरात मेलेला उंदीर सापडला की शेजारीपाजारी सांगायचं, दाराला कुलूप लावायचं आणि गावाबाहेर झोपडीत जायचं, हे भवानी पेठेतलं शेंबडं पोरही जाणत होतं. यशोदाबाईंना कोठीत उंदीर सापडला, तेव्हा त्यांनी तो चिमट्याने उचलून गटारात टाकला आणि तोंडातून चकार शब्द काढला नाही. आठवड्याच्या आत सून गेली, पोटातल्या बाळासकट.

आता झोपडीत त्यांचा मुलगा एकनाथ स्वतःलाच बोल लावत बसला होता. दुधनीला जाऊन आपणच रोग घरी आणला, असं त्याने मनाशी धरलं होतं. सुतक फिटलं तरी त्याच्या घशाखाली घास उतरत नव्हता.

शेवटी यशोदाबाईंनी उंदराचं सांगून टाकलं.

एकनाथ म्हणाला, "तिचे दिवस भरत आले होते. झोपडीत बाळंतपण नको, म्हणूनच ना, आई?"

महिनाभर त्याही स्वतःला हेच बजावत होत्या. नुसती मान हलवली असती, तरी पोराने सगळं पोटात घातलं असतं.

"नाही रे," त्या म्हणाल्या. "कुरडयांचा चीक चुलीवर चढवला होता. घर सोडलं असतं तर सगळा वाया गेला असता. तिची तेव्हा आठवणसुद्धा झाली नाही मला."

एकनाथ उठला. कोपऱ्यातला कुरडयांचा डबा त्याने आईच्या मांडीवर आणून ठेवला आणि बाहेर निघून गेला.